टक्केवारीखालचे पाणी

पावसाळा सुरू झाला की मराठवाड्यात सकाळी पेपर हातात घेतल्यावर नजर आधी एका चौकटीवर जाते. जायकवाडी किती टक्के? नाशिककडे पाऊस किती झाला, दारणा-गंगापूरमधून किती क्युसेक सोडले, नांदूर मधमेश्वरहून किती पुढे आले, नाथसागरात, म्हणजे जायकवाडीच्या जलाशयात, आवक किती. रिक्षावाल्यापासून मोंढ्यातल्या आडत्यापर्यंत सगळ्यांना तो आकडा पाठ असतो. ऊस लावायचा की नाही, बोअर घ्यायचा की थांबायचे, हे ठरवताना आपण तोच आकडा मनात धरून चालतो. २०१६ साली लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले. ते दिवस ज्यांनी काढले, त्यांना ही सवय का लागली हे सांगावे लागत नाही.

या चौकटीत एक शब्द असतो, 'जिवंत साठा'. नाथसागराची एकूण क्षमता २,९०९ दशलक्ष घनमीटर. त्यातला २,१७१ जिवंत साठा आणि ७३८ मृतसाठा. जिवंत म्हणजे विमोचकातून (पाणी सोडण्याच्या दारातून), कालव्यातून आपोआप बाहेर येऊ शकणारे पाणी. मृत म्हणजे त्याच्याही खाली उरलेले. पाटबंधाऱ्याच्या भाषेत ते बरोबरच आहे. पण गेली काही वर्षे हा शब्द मला टोचतो आहे. या जिवंत साठ्यात जिवंत काय आहे, ते वाढते आहे की आटते आहे, याची चौकट कुठल्याच पेपरात नसते. जानेवारीत दुर्बिणी घेऊन लोक येतात आणि पक्षी मोजतात, कारण १९८६ पासून हा जलाशय पक्षी अभयारण्य आहे. पाण्यावर उतरणाऱ्या रोहित पक्ष्याची (फ्लेमिंगोची) मोजणी होते. पाण्याखाली राहणाऱ्याची मोजणी म्हणजे बाजारात आलेल्या माशाचे वजन, एवढीच.

माझे म्हणणे सरळ आहे. नाथसागराच्या पाण्यात किंवा पाण्यावर काहीही मोठे उभारण्याआधी त्या पाण्याखालचा आवाज किमान दोन वर्षे, उन्हाळ्या-पावसाळ्यासकट, सलग नोंदवला गेला पाहिजे. आणि ही नोंद टक्केवारीसारखीच लोकांच्या हाताशी असली पाहिजे.

आवाजच का, हे सांगण्याआधी मी स्वतः काय ऐकले ते सांगतो.

मी भौतिकशास्त्र शिकवतो. माझ्या आजीचे माहेर नाथसागराच्या पोटात गेलेले. यंदा चैत्रात, अमावास्येच्या दोन दिवस आधी, माझ्या एका जुन्या विद्यार्थ्याच्या होडीतून मी रात्री पाण्यावर गेलो. तो कहार समाजातला. बारावीनंतर शिक्षण सुटले, आता वडिलांबरोबर जाळी टाकतो. माझ्याकडे घरी केलेला पाण्यातला माईक होता. वाजणाऱ्या वाढदिवसाच्या कार्डात किंवा गजराच्या घड्याळात जी पातळ पितळी चकती असते, ती घ्यायची, तारा डाखायच्या, इपॉक्सीत बुडवून पाणी शिरणार नाही अशी बंद करायची. दहा मीटर माईकची वायर, एक छोटा अ‍ॅम्प्लिफायर, रेकॉर्डर आणि हेडफोन. वायरीला शिशाचे वजन. एवढाच सरंजाम.

काठापासून बरेच आत गेल्यावर त्याने वल्ही आत घेतली. मी माईक सोडला. आधी होडीच्या पोटावर आपटणाऱ्या पाण्याचा डुबडुबाट आला. मग तो डावीकडे वळल्यासारखा मागे पडला आणि खाली एक सगळे शेतच बोलू लागले. रातकिड्यांसारखी बारीक, एकसुरी करकर; ती पाणकिड्यांची. अधूनमधून टकटक. मग एकदम कुठून तरी दोन-तीन घरघरी, मध्ये थांबून पुन्हा. हवेत पूर्ण सामसूम होती. दूर पैठणचे दिवे दिसत होते, कुत्रेसुद्धा भुंकत नव्हते. मी हेडफोन त्याला दिला. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, "सर, एवढी वर्दळ असती का खाली?"

त्याच सुमारास हेडफोनमध्ये एक घुमारा चढू लागला. आम्ही दोघांनी मान वळवून पाहिले, काहीच दिसेना, कानाला काहीच ऐकू येईना. चार-पाच मिनिटांनी लांबवर मोटरबोटीचा दिवा दिसला. हवेतून तिचा आवाज यायला आणखी वेळ लागला. पाण्यातून मात्र ती केव्हाच येऊन पोचली होती. तिच्या घुमाऱ्याखाली करकर गेली, टकटक गेली, घरघर गेली. बोट निघून गेल्यावर करकर लवकर परतली. घरघर आम्ही होतो तोवर परतली नाही.

"आमचे आजोबा मोटार आली की जाळं काढून घ्यायचे," तो म्हणाला. "म्हणायचे, आता मासा दडी मारून बसतो."

मासा ऐकतो, हे भोई आणि कहार समाजाला कुणी शिकवावे लागले नाही. बांबूने पाणी बडवून मासा जाळ्याकडे हाकण्याची रीत त्यातूनच आलेली. जाळ्यातून सोडवताना शिंगाळा हातात कुरकुरतो, तो छातीजवळच्या पंखातला काटा सांध्यात घासून आवाज काढतो, हेही त्यांना ठाऊक असते. आपण शिकलेले लोक मात्र 'मुकी जनावरे' म्हणून मोकळे होतो. मासा मुका नाही आणि बहिरा तर मुळीच नाही. त्यातही रोहू, कटला, मृगळ आणि शिंगाळ्याच्या जातीचे मासे विशेष तिखट कानाचे. त्यांच्या पोटात हवेची पिशवी असते, आणि त्या पिशवीपासून कानापर्यंत बारीक हाडांची साखळी असते. पिशवी थरथरली की ती थरथर साखळीतून कानाला पोचते. १८२० साली वेबर या जर्मन शास्त्रज्ञाने ही हाडे वर्णन करून ठेवली. आपल्या धरणांतून जाळ्यात येणाऱ्या माशांत याच दोन कुळांचा भरणा मोठा आहे. म्हणजे पाण्यात आपण जो गोंगाट सोडू, तो ऐकायला सर्वांत चांगले कान ज्यांचे, तेच मासे आपल्याकडे जास्त आहेत.

आता आवाजच का, याकडे येतो.

पाण्यात नजर चालत नाही. स्वच्छ समुद्रातही दोनशे मीटरखाली उजेड जवळजवळ संपतो. आपल्या गोदावरीच्या पाण्यात तर श्रावणात कोपरापर्यंत हात घातला तरी बोटे दिसत नाहीत. रेडिओच्या लहरी पाण्यात शिरताच विरतात. आवाजाचे उलटे आहे. हवेत तो सेकंदाला साधारण ३४० मीटर जातो, पाण्यात १,५०० च्या आसपास, आणि पाण्यात तो लवकर थकत नाही. हा वेग पहिल्यांदा नीट मोजला गेला, तो समुद्रात नव्हे, गोड्या पाण्यात. १८२६ साली कोलाडॉन आणि स्टुर्म या दोघांनी जिनिव्हा सरोवरात तेरा किलोमीटरहून अधिक अंतरावर दोन होड्या उभ्या केल्या. एकीवरून पाण्यात बुडवलेल्या घंटेवर टोला द्यायचा आणि त्याच क्षणी दारू पेटवून उजेड दाखवायचा. दुसऱ्या होडीत पाण्यात लांब कर्णा सोडून, त्याला कान लावून, हातात घड्याळ घेऊन ऐकायचे. उत्तर आले सेकंदाला १,४३५ मीटर. थंड पाण्यासाठी ते आजही जवळजवळ अचूक आहे. नाथसागर पंचावन्न किलोमीटर लांब आहे. असा प्रयोग आपल्याकडे कॉलेजच्या मुलांना आजही करता येईल.

समुद्राच्या अभ्यासाने पुढे जे शोधले, त्यातली एक गोष्ट मी वर्गात दरवर्षी सांगतो. दुसऱ्या महायुद्धात पाणबुड्या शोधण्यासाठी अमेरिकन जहाजे पाण्यात आवाजाचे ठोके सोडून परत येणारा प्रतिध्वनी टिपत होती. १९४२ मध्ये कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्याजवळ यंत्राने जिथे तळ असूच शकत नाही तिथे तळ दाखवला. नकाशाप्रमाणे समुद्र कितीतरी खोल, आणि यंत्र म्हणते काही शे मीटरवर जमीन. यंत्राचा दोष, पाण्याच्या थरांचा खेळ, अनेक तर्क झाले. मार्टिन जॉन्सन या जीवशास्त्रज्ञाने १९४५ मध्ये तो 'तळ' रात्रंदिवस तपासला. संध्याकाळी तो वर येत होता, पहाटे खाली जात होता. तळ असा हलत नाही. लहान मासे, कोळंबीसारखे जीव आणि जेलीसारखे प्राणी यांची ती अफाट गर्दी होती. रोज रात्री अन्नासाठी वर, दिवसा शिकाऱ्यापासून लपायला खाली. पृथ्वीवरचे प्राण्यांचे सर्वांत मोठे रोजचे स्थलांतर ते हेच.

ही गोष्ट आपल्या कामाची आहे. आपल्याकडे धरणात गाळ किती साचला हे मोजायला हेच तंत्र वापरतात. बोटीला प्रतिध्वनी टिपणारे यंत्र बांधायचे, उपग्रहावरून जागा घ्यायची, आणि तळाची खोली ओळीने नोंदवत जायचे. नाशिकची महाराष्ट्र अभियांत्रिकी संशोधन संस्था हे काम करते. म्हणजे आवाजाने पाण्यात पाहणे आपल्याला नवे नाही, पैसाही त्यावर आपण खर्च करतोच. पण गाळ मोजणाऱ्याला हवा असतो तळ. पाणी आणि तळ यांच्या मध्ये जे ठिपके उमटतात, ते त्याच्या लेखी कचरा. माशाच्या अंगातून परत येणारा प्रतिध्वनी बहुतेक त्याच्या हवेच्या पिशवीवरून येतो, आणि त्या ठिपक्यांवरून माशांचे थवे मोजण्याची रीत सगळ्या जगात चालते. एकाच बोटीत, एकाच डिझेलमध्ये गाळही मोजता येईल आणि थवेही. मत्स्य खाते आणि जलसंपदा खाते एका टेबलावर बसायला हवे, एवढेच.

ठोके सोडून प्रतिध्वनी ऐकणे ही एक रीत. नुसते गप्प बसून ऐकणे ही दुसरी, आणि मला ती जास्त मोलाची वाटते. हंपबॅक देवमासे गातात, ओळी पुन्हा पुन्हा क्रमाने म्हणतात, हे रॉजर पेन आणि स्कॉट मॅकव्हे यांनी १९७१ मध्ये 'सायन्स'मध्ये मांडले. त्याआधी १९७० मध्ये त्या गाण्याची तबकडी निघाली होती आणि घराघरांत वाजत होती. १९८२ मध्ये आंतरराष्ट्रीय व्हेल आयोगाने व्यापारी शिकार थांबवण्याचा निर्णय घेतला. एका तबकडीने सगळे घडले असे मी म्हणत नाही. पण तोवर तेलाच्या पिंपांत मोजला जाणारा प्राणी त्यानंतर लोकांना गाणारा म्हणून माहीत झाला, आणि त्याने फरक पडला. आपल्याच अरबी समुद्रात, लक्षद्वीपजवळ, दिव्या पणिक्कर या संशोधिकेने आणि त्यांच्या सहकारी कॅथलीन स्टॅफर्ड यांनी पाण्याखाली यंत्रे ठेवून निळ्या देवमाशाचे गाणे नोंदवले. जगातला सर्वांत मोठा प्राणी आपल्या बेटांजवळून जातो, याचा पुरावा गाण्यातून आला. गोव्यात राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेच्या शास्त्रज्ञांनी ग्रांदे बेटाजवळ माशांचे संध्याकाळचे सामूहिक गाणे टिपले.

समुद्र सोडून नदीकडे येऊ. गंगेतली डॉल्फिन जवळजवळ आंधळी असते. आवाजाचे टिचके सोडून, त्यांचा प्रतिध्वनी ऐकून ती वाट काढते, मासा पकडते. २०२५ मध्ये देशातल्या नद्यांमधल्या डॉल्फिनची पहिली एकत्रित मोजणी जाहीर झाली. ६,३२७. त्या मोजणीत डोळ्यांबरोबर पाण्यातले माईकही होते. त्याआधी २०१९ मध्ये मयूख डे, नचिकेत केळकर आणि सहकाऱ्यांनी गंगेवर केलेला अभ्यास मला आपल्यासाठी सर्वांत महत्त्वाचा वाटतो. बोटींचा आवाज आणि कमी झालेले पाणी, दोन्ही एकत्र आले की डॉल्फिनच्या शरीरावर ताण वाढतो, हे त्यांनी दाखवले. गोंगाट एकटा नाही, आटलेले पाणी एकटे नाही. दोन्ही मिळून.

आता नाथसागराचा हिशेब पाहा. भरल्यावर त्याचा पसारा साधारण ३५० चौरस किलोमीटर. २,९०९ दशलक्ष घनमीटरला त्याने भागा. सरासरी खोली निघते आठ मीटरच्या आसपास. धरणाच्या भिंतीपाशी खोल, पण एकूणात ही परात आहे, विहीर नाही. वैशाखात ही परात आणखी उथळ होते. मासे, कासवे, पाणकिडे आणि माणसाच्या मोटारी एकाच उरलेल्या डबक्यात एकत्र येतात. महासागरात देवमाशाला गोंगाटापासून लांब जायला जागा तरी असते. इथे जायचे कुठे? समुद्राचे सगळे नियम इथे जसेच्या तसे लागू होत नाहीत. उथळ पाण्यात फार खालच्या पट्टीचा आवाज दूर जात नाही, हे खरे. पण मोटरबोट आणि पंप यांचा आवाज त्याच पट्टीत अडकलेला नसतो, तो आमच्या हेडफोनमध्ये बोट दिसण्याच्या आधी आला.

हवेतल्या आवाजासाठी आपल्याकडे २००० सालचे नियम आहेत. निवासी भागात दिवसा ५५ डेसिबल, रात्री ४५. शांतता क्षेत्रात ५० आणि ४०. गणपतीत, लग्नात त्यावरून भांडणे होतात, पोलीस येतात. युरोपात २००८ च्या सागरी कायद्यात पाण्याखालचा आवाज प्रदूषणात धरला आहे. जहाजांचा पाण्यातला आवाज कमी करण्याबाबत आंतरराष्ट्रीय सागरी संघटनेने २०१४ मध्ये मार्गदर्शन काढले. आपल्या २००० च्या नियमांत पाण्याखालचा भागही शांतता क्षेत्र असू शकतो, ही कल्पनाच नाही. (पाण्यातले डेसिबल आणि हवेतले डेसिबल वेगळ्या पायावर मोजतात. 'देवमासा विमानापेक्षा मोठ्याने ओरडतो' असे आकडे कुठे वाचले तर त्यांची तुलना करू नये.)

याच जलाशयावर तरंगते सौर पॅनेल बसवण्याची योजना आहे. मच्छीमारी करणाऱ्या कहार समाजाच्या संघटनेने तिला राष्ट्रीय हरित लवादात आव्हान दिले. २०२४ मध्ये लवादाने आणि २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांची बाजू मान्य केली नाही. पर्यावरण-संवेदनशील क्षेत्राच्या अधिसूचनेत अक्षय ऊर्जेला उत्तेजन देण्याचे म्हटले आहे, हा त्यातला मुद्दा होता. निकालावर मला टीका करायची नाही. सौर ऊर्जेला माझा विरोधही नाही. मराठवाड्यात उन्हाने धरणातले पाणी उडून जाते. पॅनेलच्या सावलीने ते काही प्रमाणात वाचेल, जमीन लागणार नाही, कोळसा जळणार नाही. यातला प्रत्येक फायदा खरा आहे. पण सावली म्हणजे उजेड कमी, उजेड कमी म्हणजे शेवाळ कमी, शेवाळ कमी म्हणजे त्यावर जगणारे कमी. नांगर टाकायचे, केबल ओढायच्या, देखभालीच्या बोटी रोज फिरवायच्या, त्याचा आवाज वेगळाच. हे किती होईल? थोडे होईल की फार? पॅनेल बसण्याच्या आधीची नोंद नसेल, तर बसल्यानंतर कितीही मोजले तरी त्याची तुलना कशाशी करणार? मच्छीमार म्हणतील मासा गेला. दुसरी बाजू म्हणेल, आधीच गेला होता, दुष्काळाने गेला, बारीक आसाच्या जाळ्यांनी गेला. जी नोंद कुणी ठेवलीच नाही, ती न्यायालयापुढे कोण कुठून आणणार?

माणसाला प्यायला पाणी नाही आणि हे माशांची गाणी ऐकायला निघाले, असेही मला ऐकवले गेले आहे. बोलणारा माणूस माझ्या जवळचा होता आणि त्याच्या घरी आठवड्यातून एकदा नळ येतो. त्याचा राग मला समजतो. पण हा जलाशय ज्यांच्या नावाचा, त्या संत एकनाथांची गोष्ट पैठणात प्रत्येक घरात सांगतात. काशीची कावड रामेश्वराला निघालेली, वाळवंटात तडफडणारे गाढव दिसले, आणि नाथांनी कावडीतले गंगाजल त्याच्या तोंडात ओतले. मला ही गोष्ट भाविकतेसाठी नको आहे. ती मला यासाठी हवी आहे की तहान एकाच जिवाची असते, असे पैठणने कधी मानले नाही. शिवाय व्यवहाराने पाहिले तरी, पाण्यातले जीवन बिघडले की पाणी बिघडते, आणि ते आपल्याच नळाला येते. छत्रपती संभाजीनगरच्या नव्या पाणीपुरवठा योजनेचे जॅकवेल, म्हणजे पाणी उपसण्याची विहीर, याच पाण्यात उभे आहे.

याहून अवघड शंका माझ्या त्या विद्यार्थ्याने काढली. "सर, मासा कुठं आहे हे तुम्ही सगळ्यांना सांगितलं तर ठेकेदार आमच्या आधी पोचंल." त्याच्या बोलण्यात इतिहास आहे. १९३५ मध्ये नॉर्वेच्या ऑस्कर सुंड यांनी लोफोटेनजवळ कॉड माशांचे थवे प्रतिध्वनीवर टिपून दाखवले. ते विज्ञान होते. पुढे हेच तंत्र मोठ्या मासेमारी बोटींवर गेले आणि समुद्र उपसायला कामी आले. कान ज्याच्या हातात, मासा त्याच्या जाळ्यात. म्हणून मी माझे म्हणणे थोडे बदलले. आवाज, वेळ, पाण्याची पातळी, बोटींची वर्दळ हे सगळे खुले असावे. विणीच्या जागा आणि विणीच्या काळातल्या नेमक्या ठिकाणांची नोंद मात्र स्थानिक मच्छीमार सहकारी संस्थांकडे आणि अभ्यासकांकडेच राहावी. यंत्रे पाण्यात सोडण्याचे, काढण्याचे, बॅटऱ्या बदलण्याचे काम मच्छीमारांनीच करावे आणि त्याची मजुरी त्यांना मिळावी. कुठे टाकायचे हे त्यांच्याइतके चांगले कुणाला कळणार नाही.

हे करायला बाहेरून कुणाला बोलवायची गरज नाही. लातूर जिल्ह्यात उदगीरला मत्स्य विज्ञान महाविद्यालय आहे. छत्रपती संभाजीनगर आणि नांदेडला विद्यापीठे आहेत, प्राणिशास्त्राचे आणि भौतिकशास्त्राचे विभाग आहेत. पाण्यात ठेवून महिनोन्महिने आवाज टिपणारी छोटी यंत्रे आता बाजारात मिळतात, ती महागही नाहीत. नाथसागरात सहा ठिकाणी, येलदरी-सिद्धेश्वरला दोन-दोन, माजलगावला दोन, विष्णुपुरीला एक. खर्च सौर पॅनेलच्या आणि पाणीपुरवठ्याच्या योजनांच्या निविदांपुढे नगण्य.

मराठवाड्याला ऐकण्याची सवय नाही असे कुणी म्हणू नये. हिंगोली जिल्ह्यात पांगरा शिंदे आणि आसपासच्या गावांत जमिनीतून येणारे आवाज लोक वर्षानुवर्षे ऐकत आणि सांगत आले आहेत. २१ मार्च २०२४ च्या सकाळी तिथे ४.५ तीव्रतेचा धक्का बसला. किल्लारीत ३० सप्टेंबर १९९३ ची ती पहाट उजाडण्याच्या वर्षभर आधी, १९९२ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात, जमीन हादरत होती आणि गावे घाबरली होती. लोक ऐकत होते. ऐकलेले सगळे नोंदीत उतरते असे नाही, आणि न उतरलेल्याची किंमत मराठवाड्याला ठाऊक आहे.

त्याच हिंगोलीत, औंढा नागनाथजवळ, लायगो-इंडिया ही गुरुत्वीय लहरी टिपणारी वेधशाळा उभी राहते आहे. २०२३ च्या एप्रिलमध्ये केंद्राने तिच्यासाठी २,६०० कोटी रुपये मंजूर केले. चार-चार किलोमीटरचे दोन बाहू, आणि अब्जावधी वर्षांपूर्वी कृष्णविवरे एकमेकांवर आदळली त्याचा थरकाप टिपायचा, तो प्रोटॉनच्या आकारापेक्षाही हजारो पटींनी बारीक. ती जागा कशी निवडली? तिथली जमीन किती शांत आहे, हे आधी मोजले. विटेवर वीट चढण्याआधी शांतता मोजली, कारण शास्त्रज्ञांना माहीत होते की एकदा बांधकाम सुरू झाले की मूळची शांतता किती होती हे कधीच कळणार नाही. मराठवाड्याच्या जमिनीसाठी जो न्याय लावला, तोच मराठवाड्याच्या पाण्यासाठी लावा, एवढेच मी मागतो आहे.

त्या रात्रीची नोंद माझ्याकडे एका वहीत आहे. तारीख, वार, धरणाची त्या दिवशीची टक्केवारी, होडी उभी केलेल्या जागेची खोली, वारा, आकाश, माईक किती खोल सोडला, किती वाजता काय ऐकू आले, बोट किती वाजता आली आणि किती वाजता गेली. एक्केचाळीस मिनिटांचे रेकॉर्डिंग. पुढच्या अमावास्येला आम्ही पुन्हा जाणार आहोत. कॉलेजातली चार मुले यायचे म्हणतात. त्यांतल्या एकीने इपॉक्सीत बंद केलेल्या तीन नव्या चकत्या आणून दिल्या आहेत, आणि होडीवाल्याने जागा आधीच ठरवून ठेवली आहे: जुन्या गावठाणाच्या भिंती जिथे पाण्याखाली आहेत, तिथे. तिथे शिंगाळा विणतो, असे त्याचे आजोबा सांगायचे.